आत्याचीच वाक्यं

हर्षलचं नाव तुम्ही ऐकलं असायची शक्यता कमीच. त्याच्या आत्याला मात्र तुम्ही नक्की पाहिलंय. कर्जाबद्दल फोन करणाऱ्या मुलीला "जेवलीस का?" विचारणारी, मग तिच्या साहेबाला लाइनवर घ्यायला लावून "पोरीला अंधार पडायच्या आत घरी सोडीत जा" म्हणून दम देणारी ती बाई. लॉकडाऊनमध्ये तो व्हिडिओ तुमच्या घरच्या ग्रुपवर निदान तीनदा आला असेल आणि तिन्ही वेळा तुम्ही तो पुढे ढकलला असेल. त्याच्या शेवटी सेकंदभर 'संकलन : बुद्धभूषण' अशी अक्षरं येतात. तो मी. ती अक्षरं माझ्याशिवाय कुणी वाचल्याचं माझ्या ऐकिवात नाही.

नाशिकला द्वारकेच्या चौकामागच्या गल्लीत माझं लग्नाच्या शूटिंगचं दुकान आहे. हर्षल माझा डिप्लोमाचा दोस्त. मी दोनदा नापास होऊन लग्नांकडे वळलो, तो पास होऊन सिन्नरच्या एमआयडीसीत लागला. काम काय, तर यंत्रातून आलेला प्रत्येक तुकडा मापून बघायचा. माप बसलं तर पुढे, केसभर चुकलं तर लाल डब्यात. आठ तास हेच. रोज नाशिकहून जा-ये करायचा कंटाळा, म्हणून तो सिन्नरच्या पुढच्या एका खेड्यात, आत्याकडे राहायला गेला. आत्याचं नाव कुसाबाई. नवरा जाऊन पंधरा वर्षं झालेली, मूलबाळ नाही. घरात ती, दोन म्हशी आणि आता हा भाचा.

पहिला व्हिडिओ निव्वळ टवाळी म्हणून झाला. तेव्हा इंटरनेट फुकटात मिळाल्यासारखं झालं होतं आणि जो तो काहीबाही चढवत होता. स्वयंपाकघराच्या फडताळात चहापावडरीचा डबा असायचा, त्याला टेकवून हर्षलने फोन चालू ठेवला आणि म्हणाला, "आत्या, चहा पांचट झालाय." आत्या चुलीपुढे भाकऱ्या थापत होती. ती म्हणाली, "तुह्या बापाला सांगते..." आणि थांबली. भाकरी उलटली. दारात कोंबडी आली होती तिला हुसकलं. पदराने कपाळ पुसलं. आणि मग तितक्याच शांतपणे म्हणाली, "...पर त्याला तरी काय कळतंय."

हे त्याने माझ्याकडे पाठवलं. मी लग्नाचा माणूस. लग्नाच्या व्हिडिओत कुणी बोलत नाही अशी रिकामी जागा दिसली की ती कापायला आमचे हात शिवशिवतात. मी मधली भाकरी, कोंबडी, कपाळ सगळं उडवून दोन वाक्यं जोडून परत पाठवलं. हर्षलचा फोन आला तो ओरडतच. "अरे गाढवा, ती मधली जागा हाच व्हिडिओ आहे! वाक्य कुणीही बोलेल. ती जागा आत्याची आहे."

हे मी मुद्दाम सांगतोय. पुढे जे झालं ते न कळणाऱ्या माणसाने केलं असतं तर मी एवढा चिडलो नसतो. हर्षलला कळत होतं. माझ्याही आधी, सगळ्यांच्या आधी त्यालाच कळलं होतं.

चॅनेलचं नाव 'आत्या चिडली'. चार-पाच व्हिडिओ होईतो आत्याला पत्ताच नव्हता. मग सिन्नरच्या बाजारात नवसाबाई कासारणीने बांगड्या भरता भरता तिला विचारलं, "भाच्याचं चहाचं भांडान मिटलं का ओ?" आत्या दोन दिवस हर्षलशी बोलली नाही. तिसऱ्या दिवशी बोलली तेव्हा तिची तक्रार एकच होती. व्हिडिओत तिच्या अंगावर दंड घातलेलं लुगडं होतं, म्हणजे दोन जुन्या लुगड्यांचे धड राहिलेले भाग जोडून शिवलेलं. "जगाला माझा दंड दाखिवला," म्हणाली. "काढायचं तं काढ. पर आधी सांगत जा, मी चांगलं नेसून बसंल."

हर्षलने कबूल केलं, पाळलं मात्र नाही. कारण एकदा सांगून पाहिलं होतं, तेव्हा आत्या लग्नातल्या फोटोला बसल्यासारखी हात मांडीवर ठेवून ताठ बसली आणि "नमस्कार" म्हणाली. त्यामुळे सांगायचंच नाही, असं त्याने ठरवलं. यावर आत्याने स्वतःचा उपाय काढला. कधी काढतील सांगता येत नाही म्हणून ती रोजच चांगलं नेसून भाकऱ्या करायला लागली. महिनाभर गावात चर्चा, कुसाबाई कुठं जाती रोज नटून? मग चुलीच्या धुराने दोन चांगली लुगडी खराब झाली, आणि तिने तो नाद सोडला आणि फोनचाही विचार सोडला. त्यानंतरची दोन-तीन वर्षं सोन्याची होती. हर्षल पाळीवरून यायचा, काहीतरी खुसपट काढायचा, आत्या चिडायची, मी रविवारी जीपने जाऊन भाकरी-पिठलं खाऊन यायचो आणि दुकानात बसून व्हिडिओ कापायचो. मधली एकही जागा कधी उडवली नाही.

बघणारे नऊ लाखांवर गेले. कॉलेज रोडच्या एका कार्यक्रमात हर्षलला शाल मिळाली, तो भाषणात 'माझा प्रवास' वगैरे बोलला. तिथेच महामार्गावर हॉटेल असलेले एक गृहस्थ भेटले आणि म्हणाले, पिक्चर काढू या. मोठा नाही, पण खराखुरा, थेटरात लागेल असा. हर्षलने आठवड्यात नोकरीचा राजीनामा दिला. मला म्हणाला, "भूषण, आता फोन-बिन नाही. आता सिनेमा." मला भरून आलं होतं. लग्नं शूट करणारा कुठलाही माणूस मनातून कशाची वाट बघत असतो ते मी वेगळं सांगायला नको.

पटकथेचं काम असं झालं की मी दुकानात बसून चॅनेलवरचे चारशे व्हिडिओ पुन्हा ऐकायचे आणि आत्याचं प्रत्येक चांगलं वाक्य वहीत उतरवायचं. दोन महिने लागले. तीन वह्या भरल्या. 'पर त्याला तरी काय कळतंय' पहिल्या वहीच्या पहिल्या पानावर. हर्षलने ती वाक्यं घेऊन गोष्ट रचली आणि खरंच छान रचली. वाचताना आम्ही हसून हसून लोळलो. पण भाकरी आणि कोंबडी कागदावर कुठे लिहिणार? तिथे मी तीन टिंबं दिली होती.

शूटिंग आत्याच्याच घरात. पहिल्याच दिवशी तीस माणसं, दोन टेम्पो आणि आवाज करणारा जनरेटर आला, तो म्हशींना आवडला नाही. भिंती निळ्या रंगवल्या. फडताळात दिवा ठेवायचा म्हणून चहापावडरीचा डबा हलवला. वेशभूषेच्या मुलीने आत्यासाठी एक कोरं लुगडं आणून, ते फाडून, त्याला मुद्दाम दंड घातला होता. आत्याने ते उलटंसुलटं करून बघितलं आणि विचारलं, "धडकं लुगडं फाडून परत शिवलं? कोन मेलंय का?" सगळे हसले. हर्षलही हसला आणि मला म्हणाला, "हे लिहून घे."

मग दिवे लागले आणि आत्याला तिची वाक्यं दिली. तिला वाचता येतं, चौथी झालेली आहे. तिने कागद लांब धरून वाचला आणि म्हणाली, "हे कव्हा म्हनले मी?" हर्षल म्हणाला, म्हणाली होतीस. ती म्हणाली, बरं. आणि उभी राहून, हात सरळ सोडून, शाळेतल्या प्रार्थनेच्या सुरात म्हणाली, "तुह्या बापाला सांगते पर त्याला तरी काय कळतंय." एका दमात. तीन टिंबं कुठल्या कुठे गेली.

अठरा वेळा घेतलं. एकोणिसाव्याला हर्षलचा तोल गेला. तीस माणसांसमोर, हॉटेलवाल्या गृहस्थांसमोर तो ओरडला, "आत्या, तुझीच वाक्यं आहेत ना ही! स्वतःचं बोललेलं बोलता येत नाही?"

आत्याने कागदाची घडी घातली. रागावली नव्हती, तिला खरंच समजावून सांगायचं होतं. "अरे हर्षा, मी बोलले तव्हा तू चहाला नावं ठेवली व्हती. आता तू कुढं काय म्हनला?"

पुन्हा सगळे हसले. मीही हसलो, आणि हेही लिहून घेतलं. तिने आम्हाला संपूर्ण पिक्चर कसा काढायचा ते एका वाक्यात सांगितलं होतं आणि आम्ही ते विनोद म्हणून वहीत टिपलं. एक साधा फोन त्या फडताळात ठेवायचा होता, दिवे विझवायचे होते, माणसं बाहेर काढायची होती आणि हर्षलने चहाला नावं ठेवायची होती. इतकंच. पण भाड्याने एवढा मोठा कॅमेरा आणल्यावर फोनवर कोण काढतो! तो विचार तीस जणांतल्या एकालाही शिवला नाही, आणि त्या तिसांत मी होतो याची मला आजही लाज वाटते.

चौथ्या दिवशी ठरलं की आत्याच्या जागी संपदाला घ्यायचं. संपदा नाशिकचीच, इथल्या नाटकांतून मुंबईला मालिकांत गेलेली, कामाची पक्की. हे आत्याला सांगायचं काम हर्षलने माझ्यावर टाकलं. "तुझं ऐकते ती," म्हणाला. आत्या गोठ्यात होती. मी सुरुवात केली, "आत्या, तुमची फार दगदग होतेय, जनरेटरचा धूर..." तिने वैरणीची पेंढी टाकली आणि म्हणाली, "मला जमंना, आसंच ना? मंग सरळ बोल की." मी मान हलवली. तिने दुसरी पेंढी सोडली, म्हशीच्या तोंडापुढे सारखी केली, आणि मग विचारलं, "हर्षा का नाय आला सांगाया?"

मी म्हणालो, तो कामात आहे.

संपदाला मी दोष देणार नाही. ती आठ दिवस आत्याकडे राहिली, भाकऱ्या शिकली, शेण काढलं, आत्याचं बोलणं रेकॉर्ड करून घेतलं. आत्यानेही हातचं राखलं नाही. "आवो नाय गं पोरी, आऽवो," असं म्हणत बसायची दोघी. पण कॅमेऱ्यापुढे संपदाने ते सगळं दोन बोटं वाढवलं. एक हात कमरेवर, डोळे गरगर, मान वाकडी, आणि बोलणं लाह्या फुटल्यासारखं भराभर. मी हर्षलकडे पाहिलं. तो खूश होता. सात वेळा घ्या, सातही वेळा तेच, तिथेच, तेवढंच. माप बसलं होतं.

आत्या रोज पडद्यामागे प्लास्टिकच्या खुर्चीवर येऊन बसायची. कानाला हेडफोन. ती हसायची, आणि खोटं नाही, पोट धरून हसायची. तिची वाक्यं तिने पहिल्यांदाच दुसऱ्याच्या तोंडून ऐकली होती. एकदा तिने हेडफोन काढला, माझ्या कानाशी वाकली आणि हळूच विचारलं, "भूषन, मी आशी बोलते व्हय?"

शॉट चालू होता. शांतता हवी होती. मी "हो" म्हणालो.

या एका 'हो'बद्दल मी पुष्कळ विचार केला आहे. 'नाही आत्या, अजिबात नाही' म्हणायला किती वेळ लागला असता? पण तेव्हा मला तो शॉट महत्त्वाचा वाटला.

पिक्चर लागला. नाशकात दोन आठवडे, सकाळी अकराचा खेळ. फार वाईट नव्हता. लोक हसले, संपदाचं कौतुक झालं, एका वेबसाइटने 'प्रामाणिक प्रयत्न' म्हटलं. आमच्या धंद्यात पडेल पिक्चरला असं म्हणतात. पहिल्या खेळाला आत्या आली होती. हर्षलने तिला येवल्याहून खास पैठणी आणून दिली होती, अंजिरी रंगाची. ती देताना तो तिच्या डोळ्यांकडे बघत नव्हता, पदराचे मोर किती बारीक विणलेत तेच सांगत होता. मध्यंतरात सगळी गर्दी संपदाभोवती. आत्या खांबाशी एकटीच उभी होती, मी शेजारी. एक बाई पॉपकॉर्न खात आत्यालाच म्हणाल्या, "काय हो, अगदी अस्सल वाटते ना आत्या?"

"व्हय," आत्या म्हणाली. "मला बी नाय जमायचं तसं."

बाईंना ते विनोदी वाटलं नाही, कळलंच नाही. नावांच्या पाट्यांत शेवटी 'बोलीभाषा मार्गदर्शन : श्रीमती कुसाबाई' असं होतं. तोवर थेटरातले दिवे लागले होते आणि लोक चपला शोधत होते.

त्यानंतर हर्षल दोन वर्षं दुसऱ्या पिक्चरसाठी वणवण फिरला. मुंबई झाली, पुणं झालं. आता गंगापूर रोडला एका क्लासच्या वरच्या खोलीत शनिवार-रविवार 'मोबाइलवर विनोदी चित्रफीत' शिकवतो. मी एकदा मागे बसून ऐकलं. मुलांना सांगत होता, "दोन वाक्यांच्या मधली जागा सांभाळा. ती जागा माणसाची असते." मी उठून खाली चहा प्यायला गेलो. चॅनेलवर तीन वर्षं नवं काही नव्हतं. जुन्या व्हिडिओंखाली लोक लिहायचे, आत्या कुठे आहे, बरी आहे ना? हर्षल उत्तर द्यायचा नाही. गावालाही तो जात नव्हता. दिवाळीला फोन करायचा, तोही घाईत.

मागच्या महिन्यात तो अचानक दुकानात आला. माझं एका हळदीचं काम चालू होतं. खुर्चीच्या पाठीला धरून उभाच राहिला आणि म्हणाला, "भूषण, मी चुकलो रे. फार चुकलो. चल, आत्याकडे जाऊ. जुन्यासारखं करू, फोनवर. ती आणि मी आणि तू." इतकी वर्षं मी त्याच्या तोंडून हे ऐकायला थांबलो होतो. मीही चुकलो, हे माझ्याही तोंडून निघायचं होतं, पण मी नुसतं शटर ओढलं. द्वारकेवरून सिन्नरची जीप धरली.

आत्या थकली आहे. एकच म्हैस ठेवली आहे. भिंती अजून निळ्याच, पोपडे आलेले. आम्हाला पाहून तिला काय करू नि काय नको झालं. "वाळलास रं," हर्षलला म्हणाली, आणि त्याच्या तोंडावरून हात फिरवून कानशिलावर बोटं मोडली. कुठलीच जुनी गोष्ट काढली नाही. हर्षल रडेल असं मला वाटलं, पण तो हसत राहिला. मग तिने चूल पेटवली, परात ओढली. चहा आमच्या हातात होता. हर्षलने सवयीने फोन चहापावडरीच्या डब्याला टेकवला, आणि मी पाहिलं की आत्यानेही ते पाहिलं. पहिली भाकरी तव्यावर पडली होती.

हर्षलने घोट घेतला. "आत्या," तो म्हणाला, "चहा पांचट झालाय गं."

आत्या उठली. परातीपाशी हात पुसले, पदर खोचला, फडताळाकडे तोंड केलं. एक हात कमरेवर ठेवला, मान वाकडी केली, गुडघे दुखतात तरी ताठ उभी राहिली. मग डोळे गरगर फिरवून, चढ्या आवाजात, एका दमात म्हणाली, "गं बाई, पांचट म्हनतोय! तुह्या बापाला सांगते, पर त्याला तरी काय कळतंय!" हुबेहूब संपदा. लकब, सूर, शेवटचा मानेचा झटका, सगळं. दारात कोंबडी येऊन उभी होती, तिच्याकडे तिने पाहिलंही नाही. तव्यावरच्या भाकरीला धूर सुटला होता. इतक्या वर्षांत मी त्या घरात जळकी भाकरी पाहिली नव्हती.

ती तशीच कमरेवर हात ठेवून थोडा वेळ उभी राहिली, फोन बंद व्हायची वाट बघत. मग हर्षलकडे वळून तिने विचारलं, "बरुबर झालं का रं? का परत करू?"

हर्षलने चहाचा कप खाली ठेवला. "नको आत्या," तो म्हणाला, "बरोबर झालं." त्याने ताट पुढे ओढलं, ती जळकी भाकरी तव्यावरून स्वतःच काढून घेतली आणि कोरडीच खायला लागला. मी उठून फोन बंद केला.